वीतभर तार

गारगोटीत, पाटगाव रोडला माझं गॅरेज.
पाटीवर ‘इलाही ऑटो’, त्यातला ‘ऑ’ पावसानं खाल्लेला.
तुटकी क्लच वायर मी कधी फेकली न्हाई.
खिळ्याला अडकवायचो,
वाळत घातलेल्या बोंबलागत लोंबायच्या.
कुणी म्हणालं, “चाचा, एक जुनी द्या की,”
तर दहा रुपये. वळखीचा असला तर नुसत्या चहावर.
कशाला पायजे, विचारलं न्हाई.
दाव्याला आसंल, कुंपणाला आसंल.
न्हाई, आता खोटं कशाला.
ठावं व्हतं मला.

केरबा भारमलचं भात डुकरांनी लोळवलं
कापणीच्या आदल्या रातीला.
अर्ज केला, सातबारा जोडला, फोटो जोडला.
फोटोत नुसता अंधार आलेला.
साहेब म्हणालं, “ह्यात डुक्कर कुठाय?”
केरबा म्हणाला, “खाऊन गेलं.”
मग त्यो माझ्याकडं आला, चार वायरी घेऊन गेला.

डुकराचा वाटा मला चालत न्हाई,
म्हणून त्येनं एकदा भेकराचं आणलं, पेपरात गुंडाळून.
भेकरासाठी फास लावलाच नव्हता, म्हणाला,
आपसूक घावलं.
खाल्लं मी. ग्वाड लागलं.
फास काय नाव विचारून आवळत न्हाई,
हे तवाच कळाया पायजे व्हतं.

मार्गशीर्षात, रात्री अकराला शटर वढताना
रस्त्यावर गवा.
एकटाच. डांबरावर खुरांचा आवाज
एक, दोन, तीन,
मग थांबून चौथा,
मिसिंग मारणाऱ्या इंजिनागत.
गव्याच्या चारी पायांत पांढरे मोजे असतात.
ह्याचे तीनच पांढरे.
चौथ्यात मांस वर आलेलं, तारेला गिळून बसलेलं.
त्येनं माझ्या बल्बकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं,
आणि पेट्रोल पंपाच्या अंगानं उतरून गेला.
बायकोनं आतनं विचारलं, कोण व्हतं?
म्हणालो, कुत्रं.

आठ दिवसांनी गुरव मॅडम आल्या.
पाटगावकडच्या बीटच्या गार्ड, माझ्या धाकट्या पोरीएवढ्या,
गमबुटाला लाल चिखल.
पिशवी माझ्या पान्यांच्या टेबलावर वतली:
महिन्याभरात रानातनं गोळा केलेलं एकोणतीस फास.
“ही शेवटची, डॉक्टरनं भूल देऊन काढली.”
तारेच्या टोकाला डाखाचा थेंब.
कंपनीचा थेंब गोल असतो.
माझा एका बाजूला कलतो,
उजवा हात थरथराय लागला तवापासनं.
आख्ख्या तालुक्यात तसा दुसरा न्हाई.

तिनं कलम सांगितलं न्हाई, दंड सांगितला न्हाई.
“चाचा, हे काम कुणाचं?”
मी थेंबाकडं बघत राह्यलो.
कागदाखाली सही असती, तसा बसलेला.
“माझं,” म्हणालो.
केरबाचं नाव घेतलं न्हाई.
तिनं बी ते विचारलं, पर लिहिताना मान वर केली न्हाई.

तवापासनं माझा एक कायदा हाय.
तुटकी वायर निघाली की गिऱ्हाइकासमोर
कटरनं तोडायची, वीत वीत.
वीतभर तारेचा फास होत न्हाई.
बाजारात नवी एकशे चाळीसला मिळती,
लावणारा लावणारच, हे बी ठावं हाय.
केरबा गाडी आता दुसरीकडं दावतो.
भात ह्या साली बी लोळलं त्याचं.
मॅडम सोता गेल्या पंचनाम्याला, दिवसाउजेडी,
ठशाशेजारी पट्टी ठेवून फोटो काढलं.
पैसे आले का, कुणाला विचारू?

तुकड्यांनी ग्रीसचा डबा भरला.
भंगारवाला म्हणाला, “एवढं बारीक कशापायी करता, चाचा?
वजन तर तेवढंच भरतंय.”
व्हय, म्हणालो.
वजन तेवढंच भरतंय.